गोल्डफिशची जखम बरी होऊन पुन्हा उघडते : प्रथमोपचार आणि मूळ कारणाचा शोध

गोल्डफिशच्या अंगावर खवले निघालेला लालसर डाग दिसतो किंवा शेपटी फाटलेली आढळते, दुकानातून आणलेल्या औषधाने आठ-दहा दिवसांत जखम भरून येते आणि महिना-दीड महिन्यात तशीच जखम त्याच माशाला, कधी शेजारच्या माशाला, पुन्हा होते. मग औषध बदलले जाते, मात्रा वाढवली जाते, आणि शेवटी ‘मासाच नाजूक होता’ असा निष्कर्ष काढला जातो. गोल्डफिश हा मुळात चिवट मासा आहे. नीट राखलेल्या पाण्यात तो दहा वर्षांहून अधिक जगतो. वारंवार होणाऱ्या जखमेत औषध फसलेले असते असे मला बहुतेक वेळा वाटत नाही. जखम नव्याने तयार होत असते, आणि तिची तारीख टँक धुतल्याच्या तारखेशी बऱ्याचदा जुळते. त्याविषयी पुढे सविस्तर लिहिले आहे. मासा आत्ता जखमी असेल, तर आधी प्रथमोपचार पाहू.

पहिल्या तासात काय करावे

टँकचा दिवा बंद करावा, खोलीतील वर्दळ कमी करावी आणि एअर पंप पूर्ण क्षमतेने चालू ठेवावा. घाबरलेला व जखमी मासा अधिक प्राणवायू वापरतो, आणि पाणी जितके गरम तितका त्यात विरघळलेला प्राणवायू कमी असतो. २० अंश सेल्सिअसच्या पाण्यात तो लिटरमागे सुमारे ९ मिलिग्रॅम मावतो, ३० अंशाला साडेसातच्या आसपास. विदर्भ-मराठवाड्यातील उन्हाळ्यात टँकचे पाणी सहज तिशी ओलांडते, त्यामुळे तेथे हवा वाढवणे ही पहिली मदत ठरते. वीज जाण्याचा त्रास असेल, तर बॅटरीवर चालणारा छोटा एअर पंप घरात असावा.

त्यानंतर पाण्यातील अमोनिया मोजावा. हे काम औषधाच्या आधीचे आहे. थेंबांचे टेस्ट किट पट्ट्यांपेक्षा अधिक भरवशाचे असते. अमोनिया आणि नायट्राइट (जिवाणूंनी अमोनिया पचवल्यावर बनणारा, तोही विषारी) या दोन्हींचे माप शून्य यायला हवे; लिटरमागे ०.२५ मिलिग्रॅम अमोनिया दिसला तरी पाणी बदलायला घ्यावे. पीएच, म्हणजे पाण्याची आम्ल-अल्कता दाखवणारा आकडा, ७ असताना २५ अंश तापमानाला एकूण अमोनियापैकी एक टक्क्याहूनही कमी भाग विषारी स्वरूपात असतो, पण पीएच ८ झाला की तो भाग सुमारे दहापट होतो. आपल्याकडे अनेक बोअरवेलचे पाणी जड आणि आठच्या आसपास पीएचचे असते, म्हणून ‘थोडासाच अमोनिया आहे’ हे समाधान तेथे चालत नाही. किट नसेल तर अमोनिया आहे असे धरून तिसरा हिस्सा पाणी बदलावे. नवे पाणी क्लोरीन काढलेले आणि टँकच्या तापमानापासून दोन अंशांच्या आत असावे. नळाचे पाणी उघड्या बादलीत दिवसभर ठेवले, किंवा त्यात एअर स्टोन (एअर पंपाच्या हवेचे बारीक बुडबुडे सोडणारा दगड) सोडला, तर क्लोरीन उडून जातो. घाईच्या वेळी दुकानात मिळणारे अँटिक्लोरीनचे थेंब लेबलवरील मात्रेत वापरावेत. पावसाळ्यात पाणी गढूळ येऊ लागले की क्लोरीनची मात्रा अनेकदा वाढवली जाते, त्या दिवसांत थेंबांवाचून पाणी घालू नये.

मासा वेगळा काढायचा की नाही, हा प्रश्न यानंतरचा. दुसरे मासे जखम टोचत असतील, जखम उघडी व मोठी असेल किंवा औषध द्यावे लागणार असेल, तर वेगळा काढावा. नुसता पर चिरला असेल आणि कोणी त्रास देत नसेल, तर माशाला हलवू नये, कारण पकडण्यानेच आणखी इजा होते. वेगळे ठेवण्यासाठी ३०-४० लिटरचा, साबण न लागलेला प्लास्टिकचा टब पुरतो. तळाशी खडी घालू नये, वर जाळीचे झाकण ठेवावे आणि मूळ टँकमधील वापरात असलेला स्पंज फिल्टर त्यात बसवावा. असा मुरलेला स्पंज नसेल, तर त्या टबातील निम्मे पाणी रोज बदलावे लागते, कारण कोऱ्या टबात अमोनिया पचवणारे जिवाणू नसतात. माशाला जाळीने पकडू नये. पाण्याखालीच वाडग्यात किंवा प्लास्टिकच्या डब्यात घेऊन पाण्यासकट हलवावे. पहिले २४ तास खायला काही देऊ नये. गोल्डफिशला एका दिवसाच्या उपासाने काहीही होत नाही, उलट न खाल्लेले दाणे कुजून अमोनिया वाढतो.

मिठाचा हिशेब

माशाची जखम आपल्या जखमेहून वेगळी का असते, हे समजले की मिठाचे काम कळते. खवले त्वचेच्या आत रोवलेले असतात, त्यांच्यावर जिवंत त्वचेचा पातळ पापुद्रा असतो आणि त्यावर बुळबुळीत श्लेष्माचा थर. गोड्या पाण्यातील माशाच्या रक्तात क्षारांचे प्रमाण बाहेरच्या पाण्याहून पुष्कळ जास्त असते. त्वचा शाबूत असते तोवर पाणी आत शिरण्यावर आणि क्षार बाहेर जाण्यावर आवर असतो. खवला उपटला गेला की त्या जागेतून पाणी आत झिरपू लागते, क्षार गळू लागतात, आणि ते जादा पाणी बाहेर टाकण्यासाठी मूत्रपिंडाला अहोरात्र राबावे लागते. मोठ्या जखमेचा मासा अनेकदा जंतूंनी खचण्याआधी या श्रमानेच खचतो. पाण्यात थोडे मीठ घातले की आतला व बाहेरचा फरक कमी होतो आणि माशाची शक्ती जखम भरून काढण्यासाठी उरते. मिठातील क्लोराइडमुळे नायट्राइटही कल्ल्यांतून कमी शोषला जातो, हा आणखी एक लाभ.

प्रमाण वजनाने मोजावे, चमच्याने नाही. बारीक मिठाचा आणि जाड्या मिठाचा चमचा सारखा भरत नाही. सुरुवात लिटरमागे १ ग्रॅमने करावी आणि मासा ते नीट सोसत असेल तर दीड-दोन दिवसांत टप्प्याटप्प्याने ३ ग्रॅमपर्यंत जावे. मीठ मगमध्ये आधी पूर्ण विरघळवून घ्यावे आणि एअर स्टोनजवळ हळूहळू ओतावे. खडे माशाच्या अंगावर पडले तर त्वचा भाजते. पाण्याचे आकारमान काढताना आतली लांबी, रुंदी आणि पाण्याची प्रत्यक्ष उंची सेंटिमीटरमध्ये घेऊन गुणाकाराला १००० ने भागावे. दोन फुटी टँक ६० बाय ३० बाय ३८ सेंटिमीटरचा धरला तर कागदावर ६८ लिटर येतात, पण वरची मोकळी जागा आणि खडी वजा जाता पाणी ५५ लिटरच्या आसपासच असते. औषधाची मात्रा याच ठिकाणी सर्वाधिक चुकते.

मीठ बाष्पीभवनाने उडत नाही, त्यामुळे आटलेल्या पाण्याच्या जागी साधे पाणी घालावे. पाणी बदलले तर मात्र काढलेल्या पाण्यापुरतेच मीठ पुन्हा मोजून घालावे. साधे जाडे मीठ उत्तम. सैंधव, काळे मीठ किंवा मसाल्याचे मीठ नको. मुख्य टँकमध्ये जिवंत वनस्पती किंवा कोरीडोरास, लोच यांसारखे मासे असतील तर मीठ तेथे न घालता टबातच वापरावे.

जखमेवर औषध लावावे का

तीन इंचांपेक्षा मोठा मासा आणि उघडी, खोल जखम, एवढ्याच प्रसंगी. लहान माशाला हातात धरण्याने होणारी हानी औषधाच्या लाभापेक्षा जास्त असते. लावायचेच असेल तर घराघरात असणारे १० टक्क्यांचे पोव्हिडोन आयोडीन एकास दहा या प्रमाणात स्वच्छ पाण्यात पातळ करून घ्यावे. माशाला टँकच्या पाण्यात भिजवलेल्या मऊ फडक्यावर आडवे ठेवावे, फडक्याचेच टोक डोळ्यांवर घ्यावे आणि डोके शेपटीपेक्षा किंचित उंच ठेवावे, म्हणजे ओघळ शेपटीकडे जाईल. आयोडीन कल्ल्यांत गेले तर घातक ठरते, म्हणून कल्ल्यांच्या झाकणाला लागून असलेल्या जखमेला ते लावूच नये. कापसाच्या काडीने जखम टिपावी, टँकच्या पाण्याची बारीक धार देऊन धुवावी आणि मासा लगेच पाण्यात सोडावा. हे सगळे अर्ध्या मिनिटात व्हायला हवे. त्यासाठी सामान आधी मांडून ठेवावे आणि जोडीला दुसरे माणूस घ्यावे. असे रोज करू नये.

हळदीबद्दल अनेक जण विचारतात. आपल्या घरात कापल्यावर पहिला हात हळदीच्या डब्याकडे जातो, त्यामुळे ही इच्छा मला समजते, परंतु हळदीची पूड पाण्यात विरघळत नाही, तरंगत राहते आणि कल्ल्यांत अडकते. टँकमध्ये हळद घालू नये. देशी बदामाची वाळलेली पाने घालण्यास हरकत नाही. त्यांतील टॅनिनने पाणी तपकिरी होते आणि माशाला आडोसा मिळतो, मात्र त्यांना उपचार समजू नये.

टेट्रासायक्लीनची कॅप्सूल फोडून टँकमध्ये टाकण्याची पद्धत मात्र कळकळीने थांबवावीशी वाटते. जड पाण्यातील कॅल्शियम व मॅग्नेशियम हे औषध बांधून ठेवतात, त्यामुळे माशापर्यंत ते फारसे पोहोचत नाही. फिल्टरमधील उपयुक्त जिवाणूंना धक्का बसण्याची आणि औषधाला न जुमानणारे जंतू वाढण्याची भीती तेवढी राहते. प्रतिजैविक लागणारच असेल, तर ते माशांचा अनुभव असलेल्या पशुवैद्याच्या सल्ल्याने, बहुधा खाद्यातून किंवा इंजेक्शनने द्यावे.

जखमेवर पांढरा कापूस दिसू लागला तर

येथे थांबून नीट पाहावे, कारण सारख्या दिसणाऱ्या दोन गोष्टींचे उपचार वेगळे आहेत. पाण्यातील बुरशी मेलेल्या ऊतींवर वाढते, तिचे तंतू लांब, मोकळे आणि पाण्यात हलणारे असतात. ती सहसा जखमेपुरती राहते. मिठाचे पाणी आणि वेगळ्या टबात मिथिलीन ब्लू हे निळे औषध यांनी ती आटोक्यात येते. मिथिलीन ब्लूच्या बाटल्या वेगवेगळ्या तीव्रतेच्या मिळतात, म्हणून मात्रा बाटलीवरचीच घ्यावी. मुख्य टँकमध्ये ते घालू नये. वनस्पती व फिल्टरचे जिवाणू दोन्ही दुखावतात आणि काचेच्या जोडातील सिलिकॉन कायमचे निळे होते. फिल्टरमध्ये कोळसा असेल तर तो औषध शोषून घेतो, म्हणून उपचारापुरता काढून ठेवावा.

दुसरी गोष्ट म्हणजे कॉलम्नॅरिस हा जिवाणूजन्य रोग. यातील पांढरेपणा आखूड, चिकटलेला, राखाडी किंवा पिवळसर झाक असलेला असतो, तो ओठांवर किंवा पाठीवर खोगिरासारखा दिसतो आणि एक-दोन दिवसांत पसरतो. गरम पाण्यात तो अधिक वेगाने वाढतो. ‘मासा आजारी आहे, हीटर वाढवा’ हा सर्रास दिला जाणारा सल्ला अशा वेळी घातक ठरतो. पसरण्याचा वेग हीच येथील मुख्य खूण मानावी आणि तज्ज्ञाकडे जाण्यास उशीर करू नये. शिरगाव-रत्नागिरी, नागपूर आणि उदगीर येथे मत्स्य महाविद्यालये आहेत, मुंबईत परळला पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे. अशा ठिकाणी विचारणा केल्यास सूक्ष्मदर्शकाखाली नमुना पाहू शकणारी व्यक्ती सापडण्याची शक्यता दुकानापेक्षा अधिक असते.

जखम पुन्हा का होते

टँक पूर्ण रिकामा करून धुण्याची रीत आपल्याकडे फार रुजलेली आहे. महिन्यातून एकदा मासे जाळीने पकडून बादलीत टाकले जातात, खडी नळाखाली खळखळून धुतली जाते, फिल्टरचा स्पंज पिळून पांढरा केला जातो आणि टँक स्फटिकासारख्या नव्या पाण्याने भरला जातो. दिसायला हे स्वच्छ असते. प्रत्यक्षात जाळीत धडपडताना माशाचा श्लेष्मा पुसला जातो आणि खवले उचकटतात; दाटीच्या बादलीत पर फाटतात; आणि खडी व स्पंजावर वाढलेले, अमोनिया पचवणारे जिवाणू क्लोरीनच्या पाण्याने मरतात किंवा वाहून जातात. पुढच्या काही दिवसांत अमोनिया चढतो, त्यामागून नायट्राइट चढतो, आणि नेमक्या त्याच काळात माशाच्या अंगावर ताजे ओरखडे असतात. हे जिवाणू पुन्हा बसायला साधारण ४ ते ६ आठवडे लागतात. तोवर पुढच्या धुण्याचा दिवस आलेला असतो. असा टँक कधीच मुरत नाही, आणि त्यातील मासा कधीच पूर्ण बरा होत नाही.

म्हणून जखम दिसली की टँक शेवटचा कधी धुतला होता, हे सर्वात आधी आठवावे. दोन-तीन वेळा तारखा जुळल्या तर दुसरे कारण शोधत बसू नये. दर आठवड्याला चौथा हिस्सा पाणी नळीने काढावे, नळीचे तोंड खडीत खुपसून तळची घाण ओढावी, मासे जागचे हलवू नयेत. स्पंज नळाखाली न धरता काढलेल्या पाण्याच्या बादलीतच दोनदा दाबावा. तो तपकिरी राहिला पाहिजे. दोन स्पंज असतील तर एका वेळी एकच धुवावा. टँक सांभाळायला बाहेरचा माणूस येत असेल तर त्याला ही पद्धत नीट समजावून सांगावी, कारण काचेसारखा चमकणारा टँक पाहून मालक खूश होतो याची त्याला सवय झालेली असते.

तारखा जुळत नसतील तर जखमेची जागा पाहावी. अंगाच्या बाजूला सकाळी रुपयाएवढा फिकट, श्लेष्मा गेलेला डाग दिसत असेल आणि टँकमध्ये सकर मासा असेल, तर संशय थेट त्याच्यावर घ्यावा. ‘टँक साफ ठेवतो’ म्हणून तो गोल्डफिशबरोबर हमखास विकला जातो. लहानपणी तो शेवाळ खरवडतो, पण वाढल्यावर त्याचे शेवाळावर भागत नाही, आणि रात्री तळाशी निवांत पडलेल्या गोल्डफिशच्या अंगावरचा श्लेष्मा तो खरवडू लागतो. दिवसा हे दिसत नाही; दिवे बंद झाल्यावर दोन-तीन तासांनी मंद टॉर्चच्या उजेडात पाहावे. काकडीच्या चकत्या घालून काही काळ निभावते, पण फूटभर वाढणारा हा मासा गोल्डफिशपासून वेगळा करणे हेच खरे उत्तर आहे. तो नदीत किंवा तलावात मात्र सोडू नये. मूळचा दक्षिण अमेरिकेतील हा मासा देशातील अनेक जलाशयांत पसरून स्थानिक माशांना जड झालेला आहे. दुकानदार सहसा परत घेतात.

शेपटीच्या टोकाचे तुकडे पडल्यासारखे दिसत असतील तर टायगर बार्बसारखा कुरतडणारा सोबती असतो. पोटाच्या व शेपटीच्या बाजूचे खवले एकाच माशाचे जात असतील आणि दुसऱ्या माशाच्या कल्ल्यांच्या झाकणावर बारीक पांढरे उंचवटे आले असतील, तर नर मादीच्या मागे लागला आहे. ते उंचवटे रोगाचे नव्हेत, त्यांवर औषध देऊ नये, काही दिवस मादी वेगळी ठेवावी. एकच डोळा सुजला असेल तर बहुधा मार लागलेला असतो. ब्लॅक मूरसारख्या बाहेर आलेल्या डोळ्यांच्या माशांची नजर कमजोर असते, त्यांच्या टँकमध्ये धारदार दगड, शिंपले आणि कडक प्लास्टिकची रोपे नसावीत. जुन्या नायलॉनच्या मोज्याचा तुकडा प्रत्येक वस्तूवरून फिरवावा. जेथे तो अडकतो तेथे परही फाटतो. पॉवर हेडच्या (टँकमधील पाणी फिरवणाऱ्या छोट्या पंपाच्या) पाणी ओढणाऱ्या तोंडावर स्पंजाची टोपी बसवावी.

बरे होण्याच्या खुणा आणि परत सोडणे

फाटलेल्या पराच्या कडेला पारदर्शक, काचेसारखी किनार दिसली की नवी वाढ सुरू झाली असे समजावे. कडा मात्र दुधी, फाटक्या आणि लाल मुळांच्या होत गेल्या तर पर कुजत आहे. जखमेभोवती काळी झाक येणे हे गोल्डफिशमध्ये बऱ्याचदा भरून येण्याचे लक्षण असते, विशेषतः अमोनियाने भाजल्यानंतर; त्याला रोग समजून नवे औषध सुरू करू नये. गेलेला खवला काही आठवड्यांत येतो, कधी वेगळ्या रंगाचा. याउलट अंगभरचे खवले उभे राहून मासा फुगलेला दिसणे, जखमेतून मांस दिसणे, परांत लाल रेषा उमटणे किंवा तीन-चार दिवस अन्न न घेणे, यांपैकी काहीही दिसले तर घरगुती प्रयत्न थांबवून पशुवैद्याला दाखवावे. आपल्या हाताला चीर किंवा जखम असेल तर टँकमध्ये हात घालताना हातमोजे घालावेत. मायकोबॅक्टेरियम मरिनम नावाचा जिवाणू माशांकडून माणसाच्या त्वचेत येऊ शकतो आणि ते दुखणे महिनोन्‌महिने रेंगाळते.

जखमेवर नवी त्वचा आल्यावर टबातील मीठ दोन-तीन वेळा साधे पाणी बदलत उतरवावे. मुख्य टँकमध्ये सोडण्याच्या दिवशी तेथील अमोनिया व नायट्राइट पुन्हा मोजावे, तापमान जुळवावे, मासा वाडग्यातूनच हलवावा आणि त्या रात्री दिवा लावू नये. दोन्हींपैकी एकाचेही माप शून्य नसेल तर माशाला टबातच राहू द्यावे आणि आधी टँकचे पाणी सुधारावे.